‘इतर’ रकान्यातले रहिवासी

चघळण्यावर मुकादमांचा विश्वास नव्हता. माणसानं एक तर गिळावं, नाहीतर थुंकावं. मधल्या मध्ये तोंडात घोळवत बसायचं हे त्यांना लबाडीचं लक्षण वाटे. बावीस वर्षं ते शहराच्या डाग निर्मूलन पथकाचे प्रमुख होते. पथकात ते धरून तिघं. दोन खरवडायच्या पट्ट्या, एक वाफेचं यंत्र आणि एक छत्री. फूटपाथवर चिकटलेलं च्युइंगगम काढायचं, एवढंच काम. पण ते काम मुकादमांनी शास्त्राच्या पातळीवर नेलं होतं. नुसत्या नजरेनं ते डागाचं वय सांगत. “हा परवाचा. हा मागच्या पावसाळ्याच्या आधीचा. आणि हा बघ, कडा कशी पसरलीय? थुंकणारा घाईत होता.” पथकातले दोघं माना डोलवत. प्रमुखानं थुंकणाऱ्याचा स्वभाव सांगितला तर हाताखालच्यानं मान डोलवायची, हे त्या दोघांचं शास्त्र.

याच शास्त्रापायी मुकादमांनी सात वर्षांपूर्वी सख्ख्या मेहुण्याशी भांडण घेतलं होतं.

मेहुण्याचं दुकान चौकाच्या कोपऱ्यावर. वर्तमानपत्रं, पेनं, बॅटरीचे सेल, दाढीची पाती, आणि गल्ल्याशेजारी काचेच्या बरणीत रंगीबेरंगी च्युइंगगम. दुकानापुढच्या फरश्यांवर पांढुरके, करडे, वाटोळे डाग. मुकादमांनी एकदा ते मोजले, त्रेचाळीस भरले. मग भर गिऱ्हाइकांत ते मेहुण्याला म्हणाले, “तुझ्या बरणीपायी माझ्या फूटपाथला देवी आल्यात.”

“भाऊजी, मी विकतो. थुंकत नाही,” मेहुणा म्हणाला. “सुरी विकणाऱ्याला फाशी देतात का?”

“देत नाहीत. पण त्याच्या दारात मुडदे पडले तर विचारतात.”

विचारून ते थांबले असते तर एक वेळ चाललं असतं. त्यांनी अहवाल लिहिला. दफ्तरात त्या दुकानासमोरची जागा ‘अतिगमग्रस्त’ म्हणून नोंदली गेली आणि दुकानाबाहेर तशी पाटी लागली. मेहुण्यानं बहिणीला निरोप धाडला, “तुझ्या नवऱ्यानं माझ्या दारावर पाटी लावली. ती चूक होती असं तो माझ्या दारात येऊन म्हणेल, तेव्हाच तुम्ही दोघं या.” मुकादमांची बायको भावासारखीच ताठ. ती गेली नाही. सात वर्षं ती चौकातून जाताना समोरच्या फूटपाथनं जायची आणि भावाच्या दुकानाकडे न बघता त्याचं वजन घटलंय की वाढलंय ते घरी येऊन सांगायची.

मेहुण्यानं बरणी काही हलवली नाही. ती आपली गल्ल्याशेजारी काठोकाठ भरलेली. मुकादम रोज सकाळी फेरीला जाताना तिरक्या नजरेनं बघत आणि आतून जळत. बरणी कधीच उणी दिसायची नाही. म्हणजे रोज संपत असणार आणि रोज भरत असणार. केवढा तो खप!

एका शुक्रवारी दोन बातम्या एकदम आल्या. पहिली कचेरीतून. नवं, जास्त दाबाचं यंत्र आलंय, येत्या गुरुवारी सकाळी अकरा वाजता त्याचं प्रात्यक्षिक, दफ्तरातल्या सर्वांत डागाळलेल्या जागी. साहेब जातीनं हजर राहणार. दुसरी बातमी बायकोनं शेजारणीकडून आणली. दादा दुकान बंद करून मुलाकडे राहायला जाणार. लांब, दीड दिवसाच्या प्रवासाच्या गावी. शेवटचा दिवस, गुरुवार.

बायकोनं ताट वाढलं. वाढताना ते जरा जोरात टेकलं.

“गुरुवारी माझा भाऊ शेवटचं शटर ओढणार,” ती म्हणाली, “आणि त्याच्या पायरीवर तुम्ही वाफ सोडणार. साहेबासमोर. फोटोसकट.”

“अगं, हुकूम आहे.”

“मी कुठं नको म्हणते? सोडा. जेवा आता.”

मुकादम जेवले. काय जेवले ते त्यांना सांगता आलं नसतं.

शनिवारी सकाळी ते जागेची पाहणी करायला गेले तर मेहुण्याच्या दुकानापासून चार पावलांवर एक म्हातारी फूटपाथवर पालथी पडलेली. करड्या केसांचा बुचडा, पाठीला पिशवी, पायांत कॅनव्हासचे बूट.

“अरे पाणी आणा! बाई पडल्या!”

“बाई पडलेल्या नाहीत,” म्हातारी मान वर न करता म्हणाली. “बाई बघतायत. उजेडातून बाजूला हो.”

मुकादम बाजूला झाले. सरकारी नोकरीत उभं आयुष्य काढलेला माणूस त्या आवाजाला बाजूला होतोच. पस्तीस वर्षं शाळेत जीवशास्त्र शिकवून निवृत्त झालेला तो आवाज होता आणि समोरचा साठीचा असला तरी त्याला ‘अरे’च म्हणायचा. बाईंच्या डोळ्याला भिंग होतं आणि भिंगाखाली डाग क्रमांक अकरा.

“बाई, ते गम आहे,” मुकादम अदबीनं म्हणाले. “आमच्याकडे नोंद आहे.”

“असं? गमला वाट्या असतात का रे?”

“वाट्या?”

“ये. झोप इथं.”

आता भर चौकात, गणवेशात, मेहुण्याच्या डोळ्यांदेखत पालथं झोपायचं म्हणजे! पण बाईंनी जागा करून दिली होती. मुकादम आधी गुडघ्यावर आले, मग कोपरांवर, मग पोटावर. भिंगातून बघितलं आणि त्यांना आपण कुठल्या तरी भलत्याच घरात डोकावल्यासारखं झालं. डागाला नक्षीदार कडा होती, कातरलेल्या पानांसारखी, फरशीला घट्ट बिलगलेली. आणि मध्यभागी, दाटीवाटीनं, तपकिरी तळाच्या आणि पांढऱ्या काठाच्या शंभर-एक चिमुकल्या वाट्या.

“हे तर भांड्यांचं दुकान आहे,” ते पुटपुटले.

बाईंनी बाटलीतलं पाणी चार थेंब शिंपडलं. डाग बघता बघता हिरवट झाला.

“रंग बदलला!”

“तहान भागली त्याची. दगडफूल म्हणतात याला. दगडही नाही, फूलही नाही. पुस्तकात शैवाक म्हणतात. यात दोघं राहतात. एक बुरशी, एक शेवाळ. बुरशी घर बांधते, शेवाळ उन्हावर स्वयंपाक करतं. त्या जोरावर उघड्या दगडावर संसार चालतो.”

मुकादमांनी हे मनात नीट लावून पाहिलं. “म्हणजे शेवाळ घरजावई.”

“किंवा बुरशी फुकटखाऊ सासू. त्यावर शहाणी माणसं अजून भांडतात. ऊठ आता, गणवेश मळला तुझा.”

मुकादम उठले पण पटलं नव्हतं. पटवून घेतलं असतं तर बावीस वर्षं जातात कुठं? “बाई, मी डागाचं वय सांगतो. या एकाच चौकातले हजारो काढलेत. पुन्हा पुन्हा येतात. लोक सुधारत नाहीत म्हणून येतात.”

“वरवर खरवडतोस. फरशीच्या छिद्रात उरतं ते पुन्हा वाढतं. त्यात लोकांचं काय?” बाईंनी पिशवी पाठीला लावली. “उद्या रविवार. टेकडीवर जातेय. पहिल्या बसला ये.”

त्या दिवशी मुकादमांचं डोकं ठिकाणावर नव्हतं. आजवर जगात दोनच गोष्टी होत्या, फरशी आणि डाग. आता मध्ये तिसरंच काही येऊन बसलं होतं. शाळेच्या कुंपणावरचा नारिंगी पट्टा बघून ते थबकले. त्याबद्दल त्यांनी एका रंगाऱ्याला दोनदा तंबी दिली होती. रंगारी बिचारा शपथेवर सांगत होता की मी नारिंगी कधी वापरलाच नाही. बागेतल्या झाडाच्या बुंध्यावर करडे-हिरवे चट्टे होते. त्यावर मुकादमांनी स्वतः चुना मारून घेतला होता, रोग पसरू नये म्हणून. घरी आल्यावर ते पेला घेऊन अंगणभर फिरले आणि दिसेल त्या ठिपक्यावर पाणी शिंपडून वाट बघत बसले.

“अहो, फरशीला पाणी का पाजताय?”

“हिरवी होते का बघतोय.”

बायकोनं त्यांच्या कपाळाला हात लावून पाहिला. ताप नव्हता. मग तिला जास्त काळजी वाटली.

रविवारी शेवटच्या थांब्यावर उतरून बाई टेकडी चढू लागल्या. मुकादम मागून. वाटेत बाई थांबत, भिंग लावत, ओळख करून देत. कौतुक असं की जणू लग्नाच्या मांडवात पाहुण्यांची ओळख करून देतायत. खडकावर काळ्या रेषांनी आखलेला पिवळा नकाशा. फांदीवर पानांसारखा उचललेला करडा झालर-झालरवाला. एका जुन्या झाडाला तर चक्क दाढी लोंबत होती, राखाडी, वाऱ्यावर हलणारी.

“हा आपल्याकडे शहरात दिसत नाही,” मुकादम म्हणाले.

“दिसणार कसा? याला स्वच्छ हवा लागते. धूर वाढला की पहिला हाच मरतो. तुझे फूटपाथवाले निबर. धूर, चपला, तुझी पट्टी, सगळं सोसतात.”

‘तुझे’ हा शब्द मुकादमांना उगाच लागला.

माथ्यावर मोठा उघडा खडक होता. त्याच्यावर ते होते. तेच पांढुरके, करडे, वाटोळे. अगदी चौकातल्यासारखे. मुकादमांनी खडकाभोवती एक चक्कर मारली. दुकान नाही. शाळा नाही. बाकडं नाही. पायवाटसुद्धा बरीच खाली संपलेली.

“इथं चघळायला कोण येत असेल?” ते हळूच म्हणाले. मग शेवटचा प्रयत्न म्हणून, “पाखरं?”

“हो. तुझ्या मेहुण्याकडून उधार नेत असतील.”

कालच्या पालथ्या मुक्कामात मेहुण्याची हकिगत बाईंच्या कानावर घातली गेली होती, ती अशी उपयोगी पडली.

“केवढे वाढतात हे?”

“वर्षाला एक-दोन मिलिमीटर. फार तर.”

मुकादमांनी आपला तळहात बघितला. दुकानाच्या पायरीजवळ, कोपऱ्यातल्या फरशीवर, जिथं पट्टी नीट फिरत नव्हती, तिथला डाग तळहाताएवढा होता. म्हणजे भांडणाच्या आधीचा. बरणीच्याही आधीचा. त्या फरश्या बसवल्या तेव्हा मुकादम नव्यानंच कामाला लागले होते. सिमेंटची पाटी त्यांनीच वाहिली होती, आणि दुपारी भाकरीचा डबा घेऊन येणारी नवी नवरी त्याच पायरीवर बसायची. ते मटकन खाली बसले.

“ऊठ. त्यांच्यावर बसलास.”

ते उठले. पण एक गोष्ट उलट अधिकच गुंतली. डाग गमचे नाहीत, ठीक. पण बरणी तर रोज भरलेली असते! एवढं गम विकलं जातं, लोक ते चघळतात, आणि फूटपाथवर थुंकत नाहीत. मग ते जातं कुठं? त्यांनी बाईंना विचारलं.

“ते माझ्या विषयात येत नाही,” बाई म्हणाल्या.

घरी त्यांनी बायकोला सगळं सांगितलं, वाट्यांपासून दाढीपर्यंत. तिनं शांतपणे ऐकून घेतलं.

“म्हणजे दादाचा दोष नव्हता.”

“तसं बघायला गेलं तर, बरणी—”

“दोष होता की नव्हता?”

“डागांपुरता नव्हता.”

“मग आधी साहेबाला सांगा, मग दादाला. ज्या क्रमानं बदनाम केलंत त्याच्या उलट क्रमानं. गुरुवारी अकरा वाजता मी समोरच्या फूटपाथवर उभी असेन.”

“आणि साहेब म्हणाले, सात वर्षं काय झोपला होता?”

“म्हणा, झोपलो होतो. नाहीतरी काल झोपलातच की चौकात.”

सोमवार ते बुधवार मुकादम बाईंकडून आणलेलं भिंग घेऊन दुकानापुढे पोटावर पडून राहिले. एकेक डाग, थेंबभर पाणी, वाट्या आहेत का, हिरवा होतो का. मेहुणा आतून बघत होता. बोलायचं नव्हतं म्हणून तो गिऱ्हाइकाच्या खांद्यावरून हवेत बोलला, “काय लोक असतात! पाटी लावून पोट भरलं नाही, आता धरणं धरलंय. जाता जातासुद्धा सुखानं जाऊ देणार नाहीत.” मुकादमांनी ऐकलं. त्यांना उठून सगळं सांगावंसं वाटलं, पण तेवढ्यात नजर बरणीवर गेली. काठोकाठ. त्यांनी भिंग पुढच्या डागावर नेलं.

बुधवारी संध्याकाळी हिशेब लागला. त्रेचाळीसपैकी एक्केचाळीस जिवंत, एक गम, आणि एक शर्टाचं बटण. ते बटण मुकादमांनी सात वर्षं गम म्हणून नोंदलं होतं. पुदिन्याचं.

गुरुवारी अकराला दहा कमी असताना यंत्र आलं. पिवळं, चाकांवरचं, बंबासारखं गुरगुरणारं. साहेब आले, फोटोवाला आला. मेहुणा खोकी बांधता बांधता दारात उभा राहिला. समोरच्या फूटपाथवर मुकादमांची बायको, हातात पिशवी, जणू सहज थांबलीय.

“करा सुरू,” साहेब म्हणाले.

“साहेब, एक अडचण आहे. हे डाग गमचे नाहीत.”

“मग कशाचे आहेत?”

“कशाचे नाहीत. ते स्वतःच आहेत.”

साहेबांनी चष्मा काढून पुसला. “म्हणजे?”

“जिवंत आहेत, साहेब.”

साहेबांनी एक पाऊल मागं घेतलं. मुकादमांनी पाणी शिंपडलं, बाईंची हकिगत सांगून भिंग दिलं. गुडघे वाकत नव्हते म्हणून साहेब अर्धेच वाकले आणि त्यांना आपल्या बुटाची नाडी मोठी दिसली. पण फरशी हिरवी होतेय, एवढं मात्र त्यांनी पाहिलं.

“पण दफ्तरात गम आहे. सात वर्षं. प्रत्येक महिन्याला. खाली सही तुमची.”

मुकादमांनी एकदा समोरच्या फूटपाथकडे बघितलं. मग, साहेबांना ऐकायला लागलं असतं त्याच्या दुप्पट आवाजात ते म्हणाले, “सही माझी आहे आणि ती चुकीची आहे. या दुकानदाराचा काडीचा दोष नव्हता. त्याची बदनामी मी केली.”

खोकी बांधायचा आवाज थांबला.

“हे लेखी द्यावं लागेल,” साहेब म्हणाले. “तुमच्या सेवापुस्तकात जाईल.”

“देतो.”

फॉर्म आला. रकाने चारच होते: गम, रंग, तेल, इतर. मुकादमांनी ‘इतर’खाली लिहिलं, ‘एक्केचाळीस, जिवंत’. साहेबांनी ते दोनदा वाचलं.

“किती वर्षांपासून आहेत इथं?”

“असतील तीसएक वर्षं.”

“तीस वर्षं एकाच जागी? मग हे रहिवासी झाले की! यांना नोटीस दिलीत?”

“कुणाला साहेब?”

“यांना. नोटीस न देता रहिवासी हलवले आणि उद्या कुणी विचारलं तर? ती म्हातारी कोण म्हणालात, बाई? ती विचारणार. बाया विचारतात.” साहेबांनी घाम पुसला. “यंत्र हलवा. दुसरीकडे कुठं खरं गम आहे?”

“कचेरीच्या फाटकात, साहेब. भिंगानं बघून आलोय. सगळं अस्सल.”

यंत्र गुरगुरत कचेरीकडे गेलं. ‘अतिगमग्रस्त’ पाटी मुकादमांनी स्वतः उतरवली. एक खिळा निघाला नाही, तो तसाच राहिला. मग ते पायरीशी आले, तळहाताएवढ्या डागाला वळसा घालून.

“तुझ्या दारात येऊन म्हणायचं होतं ना?” ते म्हणाले. “चुकलो.”

मेहुण्यानं हातातली दोरी खोक्यावर ठेवली.

“मला वाटायचं, भाऊजी, डाग तुम्हीच टाकताय,” तो म्हणाला. “मला उठवायला. नाहीतर येतील कुठून? मी तर भांडण झालं त्याच आठवड्यात गम विकायचं बंद केलं.”

“बंद? आणि ही बरणी?”

“ही तेव्हाचीच.”

“काठोकाठ भरलेली असते!”

“विकलंच नाही तर उणी होईल कशी? गिऱ्हाईक मागायचं, मी सांगायचो संपलं. बरणीकडे बघायचं, माझ्याकडे बघायचं आणि निघून जायचं. काढून ठेवली असती तर तुम्हाला वाटलं असतं, हरला.”

सात वर्षं मुकादम रोज सकाळी एकाच बरणीतल्या त्याच गमवर जळत होते. रागावायचं झालं तर आता नक्की कुणावर, हे त्यांना कळेना.

एवढ्यात बायको रस्ता ओलांडून आली. सात वर्षांत पहिल्यांदा या फूटपाथवर. पायरीजवळ थबकली, खाली बघितलं आणि साडी सावरून डागाच्या बाजूनं पाय टाकला.

“दादा, वाळलास रे.”

“तू समोरून जाताना रोज बघायचीस की.”

“तिकडून नीट दिसायचं नाही,” ती म्हणाली आणि एका खोक्यावर बसून रडू लागली. मेहुणा दोरी गुंडाळत राहिला. गुंडाळून झाल्यावर त्यानं ती सोडली आणि पुन्हा गुंडाळायला घेतली.

“संध्याकाळची गाडी ना तुझी?” तिनं डोळे पुसत विचारलं.

“संध्याकाळची. तिकीट परत होत नाही.”

“विचारलंस?”

“काल विचारलं. त्यांना बघून,” मेहुण्यानं हनुवटीनं फरशीकडे खूण केली. “पोटावर पडलेले बघून. म्हटलं, माणूस वेडा झाला असेल तर तुझ्यापाशी राहायला हवं.”

मग मेहुण्यानं विचारलं, “भाऊजी, हे सात वर्षांत वाढतं तरी किती?”

मुकादमांनी करंगळीचं नख दाखवलं.

“एवढंच?”

“एवढंच. पण जात नाही.”

मेहुण्यानं बरणीचं झाकण काढायला घेतलं. ते गंजून बसलं होतं, तिघांनी मिळून काढलं. “घ्या. एक गिऱ्हाईक तरी होऊ द्या शेवटच्या दिवशी.”

नाही म्हणायची ती वेळ नव्हती. आयुष्यात पहिल्यांदाच मुकादमांनी च्युइंगगम तोंडात टाकलं. ते दगडासारखं होतं. दाढेखाली कट्कन वाजलं आणि ती दाढ होती की गम, याचा उलगडा व्हायला थोडा वेळ लागला. मग ते हळूहळू मऊ झालं. गोडी कधीच उडून गेली होती, तरी ते चघळत राहिले, कारण बहीण-भाऊ सात वर्षांचं एकदम बोलत होते आणि मध्ये बोलायला त्यांना जागाच नव्हती.

दुपारी शटर खाली आलं. संध्याकाळी गाडी गेली. स्टेशनावरून परतताना दोघं त्याच फूटपाथनं आली.

“अहो, अजून तोंडात आहे ते?”

मुकादमांनी मान हलवली. आहे.

“मग टाका की.”

त्यांनी खाली बघितलं. एका फरशीवर रहिवासी, दुसरीवर रहिवासी, तिसरी मोकळी दिसत होती, पण भिंगाशिवाय खात्री कशी देणार? पथकातल्या बावीस वर्षांत हा प्रश्न कधी आला नव्हता. ते तसेच चघळत घरापर्यंत गेले.